एकदा पडायचं होतं

सोलापुरात सिद्राम रणशृंगारे यांचा पराभव झाल्याची एकही नोंद कुठल्या सरकारी कागदावर सापडत नाही. प्रजाबंध पक्षाचे ते छत्तीस वर्षं जिल्हाध्यक्ष. वाढदिवसाच्या फलकावर कार्यकर्ते 'अपराजित योद्धा' असं छापतात, आणि सोलापुरातल्या फलकांवरच्या मजकुरात खरं म्हणावं असं हे बहुधा एकच वाक्य. पडायचं तर निवडणुकीला उभं राहावं लागतं. साहेब उभे राहत. फक्त मतदानाच्या दिवसापर्यंत उभे राहत नसत. सहा वेळा त्यांनी अर्ज भरला, तीनदा महापालिकेला, तीनदा विधानसभेला, आणि सहाही वेळा शेवटच्या दिवशी दुपारी तीनच्या आत तो काढून घेतला.

याला युती म्हणत. युतीत एक मोठा पक्ष असे. तो कोणता, हे साल बघून ठरे. साहेबांचा पक्ष मात्र कुठल्याही साली मित्रपक्षच. व्यासपीठावर मित्रपक्षाची खुर्ची कडेला, कर्ण्याच्या शेजारी. छत्तीस वर्षांच्या या मैत्रीत साहेबांचा डावा कान गेला. माघारीच्या बदल्यात दर वेळी काहीतरी मिळायचं ठरे. एकदा महामंडळ ठरलं होतं. ते महामंडळच बरखास्त झालं. एकदा खरोखर नेमणूक झाली, दूरध्वनी सल्लागार समितीवर. पत्र हातात पडलं तेव्हा लोक घरचे फोन परत करायला रांगा लावत होते. साहेबांनी रांग नीट लागावी असा सल्ला दिला.

माघार मागायची एक रीत होती. मोठ्या पक्षाचा माणूस फोन करी, तब्येत विचारी, मग म्हणे, "साहेब, तेवढं जरा वरिष्ठांचं मन राखा." साहेब थोडं थांबत आणि म्हणत, "बघू की."

'बघू की' म्हणजे होय. नाही कसं म्हणतात, हे कुणाला ठाऊक नव्हतं, कारण तशी वेळच आली नव्हती. 'बघू की' ऐकलं की तिकडं फोन ठेवला जाई आणि इकडं शालन, साहेबांची बायको, कपाटातून फाइल काढून टेबलावर ठेवी. शालन महापालिकेच्या शाळेत एकतीस वर्षं शिपाई होती. घंटा तिच्या हातात असे आणि ती कधी एक मिनिट इकडंतिकडं झाली नाही. साहेबांच्या सहाही अर्जांवर सूचक म्हणून तिचीच सही. घरातला कागद न् कागद तिच्याकडं.

साहेबांच्या डोक्यात पडायचं खूळ शिरलं ते येडू गेला तेव्हा.

येडू हा गिरणीतला जुना सोबती. गिरणी बंद पडल्यावर साहेब राजकारणात गेले आणि येडू वॉचमन झाला. पण एका वर्षी काय वाटलं कुणास ठाऊक, त्यानं महापालिकेला अपक्ष अर्ज भरला. त्याला माघार घ्या म्हणायलाही कुणी गेलं नाही. चिन्ह मिळालं शिट्टी. पंधरा दिवस स्वतःच शिट्टी फुंकत गल्लीबोळातून फिरला आणि एकशेत्रेचाळीस मतं घेऊन पडला. तो वारला तेव्हा पेपरात चार ओळी आल्या : ते महापालिकेचे माजी उमेदवार होते. स्मशानात जो येई तो डोळे पुसत सांगे, "त्या एकशेत्रेचाळिसात मी एक होतो बरं का." साहेब कोपऱ्यात उभे राहून मोजत होते. उन्हं उतरेपर्यंत तीनशेच्या वर माणसं एकशेत्रेचाळिसात होती.

येडू उभा होता त्या साली साहेबांनी स्वतः मत दिलं होतं मोठ्या पक्षाला. युती होती.

दुसऱ्या दिवशी ते सात रस्त्यावर बसप्पाच्या झेरॉक्सच्या दुकानात गेले. बसप्पा पक्षाचा सरचिटणीस, आणि मशीनच्या मागची चार बाय सहाची जागा हे पक्षाचं जिल्हा कार्यालय.

"बसप्पा, औंदा पडायचं," साहेब म्हणाले.

"कशावरनं?"

"निवडणुकीत रे."

बसप्पानं मशीनचं झाकण मिटलं. "अय्यो! पडायला आदी उभारायला लागतंय की, साहेब."

"मग उभारतो. शेवटपतूर."

"आन वरिष्ठ?"

"वरिष्ठ उभेच हायेत की जल्मापासनं. आपुन एकदा उभारलं तर काय त्यांची जागा जाती का?"

बसप्पा हसला नाही. त्यानं साहेबांकडं नीट पाहिलं. एकोणसत्तरावं चालू होतं. दोन वर्षांपूर्वी हृदयाच्या झटक्यानंतर छातीत तार घातली होती. "किती पडतील?" त्यानं हळूच विचारलं.

"पडू देत की. चाळीस पडू देत. पर लिहून येतील का न्हाय? सिद्राम रणशृंगारे, चाळीस. सरकारी कागदावर. आज मी गेलो तर काय लिहितील? जिल्हाध्यक्ष. कशाचा? तर हितल्या मशीनमागचा."

महापालिकेची निवडणूक जानेवारीत लागली. अर्ज भरायच्या आदल्या दिवशी साहेब दुकानात आले. बसप्पानं नेहमीप्रमाणं सगळा संच तयार ठेवला होता. अर्ज, शपथपत्र, हमीपत्र, कुठं काय, कुठं काय. उभं राहायला बत्तीस सह्या लागत. जिथं सही, तिथं बसप्पा पेन्सिलीनं बारीक फुली मारून ठेवी. वाचत बसायचं नाही, फुली दिसली की सही ठोकायची, ही छत्तीस वर्षांची पद्धत. साहेब बोलत होते प्रचाराबद्दल, आणि हात फुल्यांवरून चालला होता. फुल्या मात्र आजही दर वेळसारख्या पस्तीस आहेत हे दोघांच्याही ध्यानात आलं नाही. संच म्हणजे बसप्पाच्या हाताला पडलेलं वळण होतं : अर्जाच्या मागे माघारीची सूचना, तिच्या मागे ती सूचकानं नेऊन द्यावी म्हणून अधिकारपत्र. दर वेळी शेवटी धावपळ नको म्हणून ही तीन सह्यांची सोय बसप्पानंच काढली होती, आणि त्याबद्दल एका मेळाव्यात त्याचा सत्कारही झाला होता.

अर्ज दाखल झाला. उरलेले कागद शालननं घरी नेऊन फाइलला लावले.

"वैनीस्नी सांगितलं का?" बसप्पानं विचारलं.

"न्हाय. तिला खोटं बोलता येत न्हाय. तो युवराज यील, कपभर चा पिईल आन तिच्या तोंडावरनं सगळं वाचून जाईल. तीन वाजून गेले की सांगतो. खूश हुईल."

युवराज म्हणजे मोठ्या पक्षाचा शहरातला माणूस. मूळचा जेऊरकडचा, शेतकऱ्याघरचा. बोलायला गोड, वागायलाही वाईट नाही. एकतीस डिसेंबरला त्याचा फोन आला. साहेब जेवत होते, शालन भाकरी टाकत होती.

"साहेब, तब्येत?"

"बरी हाय."

"मग तेवढं जरा वरिष्ठांचं मन राखा. परवा तीनपर्यंत."

साहेब थांबले. तोंडातला घास गिळला. "बघू की," ते म्हणाले.

आयुष्यात पहिल्यांदा या शब्दांचा अर्थ 'नाही' असा होता. पण तो फक्त बोलणाऱ्याला कळला. युवराजनं समाधानानं फोन ठेवला. शालननं तवा उतरवला, हात धुतले आणि फाइल टेबलावर काढून ठेवली.

एक तारखेला साहेब भीमा कोरेगावला मानवंदनेला गेले. दर वर्षी जात. परतीला मात्र ते सोलापूरपर्यंत आलेच नाहीत, कुर्डुवाडीच्या अलीकडं केम स्टेशनवर उतरले. तिथं त्यांची धाकटी बहीण सोनाबाई दिली होती. फोन बंद करून त्यांनी पिशवीच्या तळाला टाकला. तिकडं बसप्पा दुकानाचं शटर ओढून, फोन बंद करून अक्कलकोटला मेहुण्याकडं जाऊन बसला. पक्षाची सगळी कार्यकारिणी अशा रीतीनं भूमिगत झाली.

"दादा, वैनीला तरी कळव की," सोनाबाई म्हणाली. "कोरेगावाहून मानूस घरला आलं न्हाय म्हनल्यावर तिच्या जिवाला किती घोर."

"एका दिसाचा सवाल हाय, सोने."

"एका दिसात मानूस म्हातारं हुतंय."

"झालोय की आदीच."

दुसऱ्या दिवशी दुपारी शेतात हुरडा भाजला. साहेब लहान पोरासारखे आगटीजवळ बसून तळहातावर कणसं चोळत होते. पावणेतीनला त्यांनी दुसऱ्यांदा शेंगाचटणी मागून घेतली. तीनला घड्याळ काढून हातात धरलं. काटा सरकला तसे ते उठले, धोतरावरची राख झटकली आणि ज्वारीच्या ताटांकडं बघत म्हणाले, "झालं."

"काय झालं?"

"उभारलो."

गाडीत बसल्यावर त्यांनी फोन चालू केला. युवराजचे एकोणीस कॉल. शालनचे अकरा, सगळे बाराच्या आतले. त्यांनी शालनला लावला, तर तो बंद. तिच्या फोनची बॅटरी दुपारनंतर टिकत नसे. चिडलेली असणार. समजूत काढायला काय काय बोलायचं, ते कुर्डुवाडीपासून मनात जुळवत आले. पहिलं वाक्य ठरलं होतं : शालन, तुझा नवरा उमेदवार झाला.

सहाच्या सुमाराला ते थेट निवडणूक कार्यालयावर गेले, अंतिम यादी डोळ्यांनी बघायला. कार्यालय एका जुन्या शाळेत, दुसऱ्या मजल्यावर. फाटकातच बसप्पा भेटला. अक्कलकोटहून येताना त्यानं झेंडूचा हार आणला होता.

"आत्ताच घालू का?"

"आदी यादी बघू. मग खाली उभारून घाल, फोटो काढू."

दोघं जिना चढले. यादी फळ्यावर लावली होती. साहेबांनी चष्मा लावला. सात नावं होती. वरून खाली वाचली. मग खालून वर वाचली. बसप्पानं प्रभाग चुकला का म्हणून मथळा वाचला. मथळा बरोबर होता.

"चूक झाली आसंल," बसप्पा म्हणाला. "टायपिंगची. मी इच्यारून यितो."

"अवो!" मागून हाक आली.

व्हरांड्याच्या टोकाला बाकावर शालन बसली होती. चपला काढून ठेवलेल्या, पावलं सुजलेली, मांडीवर फाइल. ती उठायला गेली आणि गुडघा धरून परत बसली.

"कुटं हुता तुमी?" तिचा आवाज फुटला. "फोन न्हाय, निरोप न्हाय. सकाळधरनं किती जनांला इच्यारलं. गर्दीत पडला, चक्कर आली, छातीत दुखलं... काय काय आलं माज्या मनात."

"केमला उतरलो हुतो," साहेब म्हणाले. "सोनीकडं."

"सांगून उतरायचं की." पदरानं तिनं डोळे पुसले, मग नाक पुसलं, मग त्यांच्याकडं वरपासून खालपर्यंत बघून घेतलं. माणूस धड आहे याची खात्री झाल्यावर तिचा चेहरा सैल पडला. "बरं, ते ऱ्हाऊ दे. तुमी काळजी करू नका. झालं सगळं. म्या दिला."

"काय दिला?"

"अर्ज! माघारीचा. तीनला बारा मिनटं कमी हुती."

साहेबांच्या मागे बसप्पाच्या हातातल्या हाराची कागदी पिशवी वाजली.

"युवराज आला हुता सकाळी धाला," शालन सांगू लागली. एकतीस वर्षं मुख्याध्यापकांना दिवसाचा अहवाल द्यावा तशी ती सांगत होती. "म्हनला, काकू, सायबांनी शब्द दिलाय पर फोन लागंना. म्या म्हनलं, मला ठावं हाय, माज्याम्होरंच बघू की म्हनलेत. दोन वाजेपतूर वाट बघितली. मग म्हनलं, ह्या मानसाचं कायबी झालं आसंल, पर शब्द मोडला आसं व्हायला नको. छत्तीस वर्सांत कुनी बोट दाखवलं न्हाय. फाइल बघितली तर सगळं हुतंच की. तुमची सई, माज्या नावचं पत्र, सगळं. बसप्पा भावजींनी लई नीट लावलेलं. मग रिक्षा केली. हितला जिना लई वाईट हाय हो. दोनदा बसले मदी."

बसप्पा भिंतीकडं तोंड करून उभा राहिला.

"अर्ज घेनारा सायेब चांगला हुता," शालन म्हणाली. "म्हनला, आजी, उमेदवारानं स्वेच्छेनं माघार घेतली ना? म्या म्हनलं, दरवेळी स्वेच्छेनंच आसती."

साहेब बाकावर तिच्या शेजारी बसले. कुर्डुवाडीपासून जुळवलेलं वाक्य तोंडात होतं. ते गिळायला थोडा वेळ लागला.

"बरोबर केलं न्हवं का?" तिनं विचारलं. आता पहिल्यांदाच ती त्यांच्या चेहऱ्याकडं बघत होती.

"वैनी..." बसप्पा वळला.

"बरोबर केलंस," साहेब घाईनं म्हणाले. "तू हुतीस म्हनून निभावलं. मला गाडी चुकली. फोनबी बंद पडला."

"बगा! म्या म्हनलंच." ती हसली. मग तिचं लक्ष पिशवीकडं गेलं. "ह्यो हार कुनाला, भावजी?"

बसप्पानं हाराकडं असं पाहिलं की जणू तो त्याच्या हातात दुसऱ्याच कुणी दिला होता. "युवराजला," तो म्हणाला.

जिना उतरताना ती एकेका पायरीवर दोन्ही पावलं टेकवत होती. साहेबांनी तिचा दंड धरला होता. बघणाऱ्यानं म्हटलं असतं, म्हातारा म्हातारीला सांभाळतोय. बसप्पा पुढं होता, त्यानं तसं म्हटलं नसतं.

पुढचे बारा दिवस साहेबांनी मोठ्या पक्षाच्या उमेदवाराचा प्रचार केला. कडेच्या खुर्चीवर बसले, भाषणं उजव्या कानानं ऐकली. युवराजनं सभेत जाहीरपणे सांगितलं, "शब्द पाळावा तर रणशृंगारे साहेबांनी, आणि तो पाळून घ्यावा तर काकूंनी." टाळ्या पडल्या. पुढच्या रांगेत शालन लाजून खाली बघू लागली. साहेबांनीही टाळ्या वाजवल्या. बसप्पा दुकानात कुणाशी बोलत नव्हता. फुल्या मारायची पेन्सिल त्यानं गटारात टाकली आणि दुसऱ्या दिवशी नवी आणली, कारण दुकान चालवायचं होतं.

"सांगा एकदा वैनीस्नी," तो एकदा म्हणाला. "मनात ठिवून काय व्हनार? परत छातीत दुखंल."

"सांगितलं तर तिच्या छातीत दुखंल. दोघांत एकाच्याच तार हाय, एकाच्याच राहू दे."

मतदानाला दोघं सकाळी लवकर गेले. केंद्र जवळच्याच शाळेत होतं. बायकांच्या रांगेत शालन, पुरुषांच्या रांगेत साहेब. चार जागांना चार मतं द्यायची होती. साहेबांनी चार बटणं दाबली, युतीच्या यादीप्रमाणं, जशी आली तशी. दोन मिनिटांत बाहेर आले आणि कडुलिंबाखाली थांबले.

शालन आत गेली आणि आतच राहिली. मागच्या बायका कुजबुजायला लागल्या. आतून अधिकाऱ्याचा आवाज आला, "आजी, काही अडचण आहे का? चारही बटणं दाबायची. उरकलं का?" मग बऱ्याच वेळानं यंत्राची लांब शिट्टी वाजली.

ती बाहेर आली, बोटाची शाई पदराला लागू नये म्हणून हात लांब धरून. साहेबांपाशी येऊन थांबली. दम खाल्ला.

"एवढा येळ?" साहेबांनी विचारलं. "बटन सापडंना का?"

"न्हाय. नाव."

"कुनाचं?"

"तुमचं." ती सहज बोलत होती, बाजारात एखादी भाजी मिळाली नाही ते सांगावं तशी. "दरवेळी बघते म्या. आदी चिठ्ठीवर बघायची, आता यंत्रावर. सगळी नावं वाचून काढते, वरनं खालपतूर. म्हनलं, कुनाच्या चुकीनं ऱ्हायलं आसलं तर. आवंदा तर म्याच काढलं माज्या हातानं, तरीबी चारीच्या चारी रांगा वाचल्या. सवय." तिनं मान हलवली. "न्हवतं."

रस्त्यावरून कर्णा बंद केलेली प्रचाराची एक रिक्षा नुसतीच गेली. साहेबांनी घसा साफ केला.

"आन आसतं तर?"

"आसतं तर काय? दाबलं आसतं की." तिनं त्यांच्याकडं पाहिलं. "युती गेली उडत. घरातलं मानूस हाय."

साहेबांनी तोंड उघडलं. केम, हुरडा, घड्याळ, पस्तीस फुल्या, सगळं जिभेवर आलं. ती बघत होती. सुजलेल्या पावलांवर उभं राहून, एक हात शाईसाठी लांब धरून, वाट बघत होती.

"काय?" ती म्हणाली.

"काय न्हाय," साहेब म्हणाले आणि तिचा दंड धरला. "फुडं पायरी हाय. जपून."